आडनाव आले कुठून? गाव, हुद्दा, टोपणनाव आणि आता आईचे नाव

महाराष्ट्रात १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळाचे नाव सरकारी कागदावर नव्या क्रमाने लिहायचे आहे. आधी बाळाचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव. राज्य मंत्रिमंडळाने मार्च २०२४ मध्ये हा निर्णय घेतला. जन्मनोंद, शाळेची कागदपत्रे, परीक्षेची प्रमाणपत्रे, महसुली कागद अशा अनेक ठिकाणी तो लागू आहे. तेव्हापासून घराघरांत एक वाद चालू आहे. कुणी म्हणते, आपली पूर्वापार पद्धत मोडली. कुणी म्हणते, नाव विनाकारण लांबले. आणि काही तरुण पालक विचारतात, एवढे बदलतोच आहोत तर आडनावच का काढून टाकू नये?

तिन्ही बाजू एक गोष्ट गृहीत धरतात. ‘स्वतःचे नाव, वडिलांचे नाव, आडनाव’ हा साचा अनादी काळापासून चालत आला आहे, असे सगळ्यांनाच वाटते. तो तसा नाही. सर्वांना सक्तीचे झालेले आडनाव ही आपल्याकडे बरीच अलीकडची गोष्ट आहे, आणि ते बहुतेक वेळा घरच्यांनी ठेवलेले नसून बाहेरच्यांनी चिकटवलेले असते. ही एक बाब समजली की आडनावांचा अभिमान, त्यांची लाज आणि त्यांवरून होणारी भांडणे या सगळ्यांकडे जरा वेगळ्या नजरेने पाहता येते.

आडनावाशिवाय लोक ओळखायचे कसे?

शिवकाळातली नावे आठवून पाहा. मोरो त्रिंबक, अण्णाजी दत्तो, आबाजी सोनदेव. यांतला दुसरा शब्द वडिलांच्या नावाचा आहे. मोरोपंतांचे घराणे पिंगळे, हे आपण शाळेत शिकतो; पण त्या काळच्या पत्रांत ‘मोरो त्रिंबक’ एवढ्यावर काम भागत असे, फार तर पुढे ‘पेशवे’ हा हुद्दा लागे. पहिल्या बाजीरावाच्या नावापुढचे ‘बल्लाळ’ म्हणजे त्याचे वडील बाळाजी. घराण्याचे आडनाव भट, पण ते शोधावे लागते.

गावपातळीवरच्या जुन्या कागदांत ‘मालोजी बिन बाबाजी’ असे लिहिलेले दिसते. ‘बिन’ म्हणजे अमक्याचा मुलगा. कुठे त्याच अर्थाने ‘वलद’ येते. बाईच्या नावापुढे ‘कोम’ किंवा ‘भ्रतार’ लिहून नवऱ्याचे नाव देत. ज्यांच्या घरात जुना सातबारा किंवा फेरफाराचा उतारा आहे त्यांनी तो काढून पाहावा, हे शब्द अजून तिथे सापडतील.

संतमंडळींची ओळख तर आणखी वेगळी. सावता माळी, गोरा कुंभार, नरहरी सोनार, सेना न्हावी. नावापुढे थेट व्यवसाय. तुकोबांचे आडनाव अंबिले आणि कूळ मोरे होते, हे बहुतेक वारकऱ्यांनाही सांगावे लागते. सगळ्या महाराष्ट्राला ते ‘तुका’ म्हणून पुरेसे आहेत. जनाबाई स्वतःला ‘नामयाची जनी’ म्हणवते, तिला दुसरी कुठलीही ओळख लावून घ्यावीशी वाटली नाही.

मग आडनाव सक्तीचे केव्हा झाले? इंग्रजी अमलात शाळेचा दाखला, जमिनीची मोजणी, कोर्ट, पलटण, टपाल आणि पगारपत्रक अशा कागदांचे जाळे पसरले. गावात एकच गणू असेल तर ‘गणू’ पुरतो. जिल्ह्याच्या दप्तरात गणू शेकडो असतात, तिथे रकाना भरावा लागतो. आडनावे त्याआधीही होती, विशेषतः वतनदार, मुत्सद्दी आणि पुरोहित घराण्यांत. पण प्रत्येकाला एक, आणि तेही पिढ्यान्‌पिढ्या न बदलणारे, ही अट कागदाने घातली. जो शब्द मास्तरांनी किंवा कारकुनाने पहिल्यांदा टिपला, तोच पुढे घराण्याचा झाला.

तुमच्या मोबाइलमध्ये आडनावे रोज तयार होतात

आडनाव जन्माला कसे येते हे समजून घ्यायला फार लांब जायला नको. मोबाइलमधली नावांची यादी उघडा. ‘संतोष इलेक्ट्रिशियन’, ‘संतोष चिंचवड’, ‘संतोष बँक मॅनेजर’, ‘संतोष उंच’. आपल्या ओळखीत चार संतोष झाले की आपण आपोआप चार खुणा लावतो: काम, गाव, हुद्दा आणि दिसणे किंवा स्वभाव. त्या संतोषना बिचाऱ्यांना आपण काय लिहून ठेवले आहे याचा पत्ताही नसतो. मराठी आडनावांचा फार मोठा भाग याच चार खुणांमधून आलेला आहे.

या तुलनेतून आणखी एक गोष्ट कळते. खूण आपल्या सोयीची असते, त्या माणसाचे ते संपूर्ण वर्णन नसते. इलेक्ट्रिशियन संतोषचा मुलगा डॉक्टर झाला, तरी यादीतला शब्द तोच राहू शकतो.

‘कर’ लागले, म्हणजे गाव सुटले

सर्वांत ओळखीचा शेवट ‘कर’. गावाच्या नावाला ‘कर’ जोडले की तिथला रहिवासी. पण गंमत अशी की, गावात राहणाऱ्या माणसाला शेजारी त्या गावाच्या नावाने हाक मारत नाहीत. साताऱ्यातल्या माणसाला साताऱ्यात ‘सातारकर’ म्हणण्याला काही अर्थ नाही, तिथे सगळेच सातारकर. तो पुण्याला किंवा बडोद्याला गेला की तिथले लोक त्याला सातारकर म्हणू लागतात. त्यामुळे ‘कर’ शेवट असलेले आडनाव हे बहुधा स्थलांतराचा पुरावा असते. घराण्यातले कुणीतरी दुष्काळात, चाकरीसाठी, व्यापारासाठी किंवा भांडणातून ते गाव सोडून बाहेर पडले होते.

मल्हाररावांचे घराणे नीरेकाठच्या होळ गावचे, म्हणून होळकर; राज्य मात्र इंदूरला. दीनानाथ मंगेशकर मंगेशीच्या देवस्थानात अभिषेक करणाऱ्या घराण्यातले. त्यांनी गावावरून मंगेशकर हे आडनाव घेतले आणि ते नाटकांच्या दौऱ्यांवर महाराष्ट्रभर गेले. गोव्यातल्या बार्देश तालुक्यातल्या पर्रा गावावरून पर्रीकर. बाबासाहेबांचे वडील रामजी यांचे मूळ आडनाव सकपाळ. मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातल्या मंडणगड तालुक्यातले आंबडवे, त्यावरून शाळेत आंबडवेकर लागले आणि पुढे त्याचे आंबेडकर झाले. आज जगभर ज्या नावाने एक विचारधारा ओळखली जाते, ते नाव असे शाळेच्या दप्तरात घडले.

हा शेवट कुठल्याही एका धर्माची मालमत्ता नाही. कोकणातल्या बेने इस्रायल समाजाने, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या तेलाचे घाणे चालवणाऱ्या आणि मराठी बोलणाऱ्या यहुदी समाजाने, गावांवरूनच आडनावे घेतली. पेणकर, रोहेकर, चेऊलकर. सिनेमातले लोकप्रिय अभिनेते डेव्हिड यांचे पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर, आणि चेऊल म्हणजे अलिबागजवळचे चौल बंदर. इस्रायल स्थापन झाल्यावर यांतली पुष्कळ कुटुंबे तिकडे गेली. कोकणी मुसलमानांतही चिपळूणकर आहेत.

पूर्वेकडे गेलो की शेवट बदलतो. चंद्रपूर, गडचिरोली, यवतमाळ, नांदेड या पट्ट्यात ‘वार’ भेटतो. मुनगंटीवार, वडेट्टीवार, महाराष्ट्राचे दुसरे मुख्यमंत्री मारोतराव कन्नमवार. तेलुगूत ‘वारु’ म्हणजे ‘त्या घरची मंडळी’. तो शब्द मराठीत रुळला आणि आडनावाचा भाग झाला. दक्षिणेकडे तंजावरला गेलेल्या मराठी कुटुंबांत मात्र तमिळ रीतीचा परिणाम दिसतो. तिथे आडनाव मागे पडून नुसते ‘राव’ उरले. त्रावणकोर आणि बडोद्याचे दिवाण राहिलेले टी. माधवराव त्यांतलेच, आणि त्यांच्या नावातला ‘टी’ हा तंजावरचा.

गोव्यातल्या ख्रिस्ती कुटुंबांची कथा आणखी वेगळी. बाप्तिस्म्याच्या वेळी पाद्र्याचे किंवा धर्मपित्याचे पोर्तुगीज आडनाव मिळाले. डिसूझा, फर्नांडिस, परेरा. त्यामुळे एका गावातले दोन फर्नांडिस एकमेकांचे कुणीही नसू शकतात, आणि एकाच मूळ घराण्याच्या दोन शाखांची आडनावे निरनिराळी असू शकतात.

दप्तरातून आलेली आडनावे

‘नीस’ शेवट असलेल्या आडनावांत फार्सीतला ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा लपलेला आहे. पोत म्हणजे खजिना, त्याचा हिशेब लिहिणारा पोतनीस. फार्सी पत्रव्यवहार सांभाळणारा पारसनीस. बातम्या आणि घडामोडी लिहिणारा वाकेनवीस, त्याचा वाकनीस. शिवाजी महाराजांचे बाळाजी आवजी चिटणीस यांच्या वंशजांनी चिटणीस हेच आडनाव लावले. फडणवीस हा शब्द ‘फर्दनवीस’ यापासून आला असे मानतात, फर्द म्हणजे हिशेबाचा कागद. नाना फडणवीस हे मूळचे बाळाजी जनार्दन भानू. भानू हे आडनाव हुद्द्याखाली झाकले गेले.

‘दार’ शेवट तसाच फार्सी: पोतदार, मुजुमदार, दफ्तरदार, किल्लेदार, इनामदार, जहागीरदार. आणि मग गावगाड्याचे चार खांब. गावचा प्रमुख पाटील, गावचा हिशेबनीस कुलकर्णी, परगण्याचा प्रमुख देशमुख, परगण्याचा हिशेबनीस देशपांडे. ही कामे वंशपरंपरेने चालत, त्यांना वतन म्हणत. हुद्दा बापाकडून मुलाकडे जात असल्याने हुद्द्याचे आडनाव होणे ओघानेच आले.

पुढे हुद्देच गेले. परगणा आणि कुलकर्णी वतने रद्द करणारा कायदा मुंबई राज्यात १९५० मध्ये झाला, मुलकी पाटलांची पदे रद्द करणारा कायदा महाराष्ट्रात १९६२ मध्ये. आज गावात मुलकी पाटील नाही. पोलीस पाटील असतो, पण ते सरकारने नेमलेले वेगळे पद आहे आणि कुठल्याही आडनावाच्या माणसाला मिळू शकते. कुलकर्ण्यांचे काम तलाठ्याकडे जाऊन तर कितीतरी काळ लोटला. आडनावे मात्र आहेत तिथेच आहेत.

फुले, एकबोटे, काळे

चौथी खूण म्हणजे टोपणनाव. जोतीराव फुल्यांचे घराणे साताऱ्याकडच्या कटगुणचे, मूळ आडनाव गोऱ्हे. घराण्यातले लोक पुण्यात आले, पेशव्यांना फुले आणि गजरे पुरवू लागले आणि लोक त्यांना ‘फुले’ म्हणू लागले. दोन-तीन पिढ्यांत गोऱ्हे पुसले गेले. जोतीराव दुसऱ्या कुठल्या पिढीत जन्मले असते, तर आपण आज ‘महात्मा गोऱ्हे’ म्हणालो असतो.

काळे, गोरे, एकबोटे, गोडबोले, सातपुते, वाघमारे. यांचा शेवटचा ‘ए’ बहुधा आदराच्या अनेकवचनाचा आहे. काळा माणूस ‘काळा’. त्याच्याबद्दल मानाने बोलताना ‘काळे’. म्हणजे लोकांनी नाव ठेवले आणि पुढे तेच मानाने घेतले. लांडगे, कोल्हे, ढेकणे, उंदरे, भोपळे, काकडे, दोडके ही आडनावे शाळेत मुलांच्या चेष्टेचा विषय होतात. मला या चेष्टेचा मनापासून राग येतो. ज्या मुलाला वर्गात हजेरीच्या वेळी मान खाली घालावी लागते, त्याला कुणीतरी सांगायला हवे की प्राणी आणि झाडे यांचे आपल्याकडे फार जुने मानाचे स्थान आहे. अनेक समाजांत लग्नाआधी ‘देवक’ बसवतात. देवक म्हणजे घराण्याचे पवित्र झाड, पान, पीस किंवा वस्तू. सारखे देवक असलेल्या दोन घरांत सोयरीक होत नाही. मोरे घराण्यांत मोराचे पीस आणि कदमांत कळंब हे देवक सांगतात. अशी सगळीच आडनावे देवकातून आली असे नव्हे, पण प्राण्याचे नाव म्हणजे अपमान हा समज शहरी आहे.

‘आमचे आडनाव राजघराण्याचे आहे’ हे खरे की खोटे?

शिंदे म्हणजे सिंद, शेलार म्हणजे शिलाहार, साळुंखे म्हणजे चालुक्य, जाधव म्हणजे यादव, पवार म्हणजे परमार, कदम म्हणजे कदंब. यांतली पुष्कळ साम्ये भाषेच्या नियमांत बसतात. ‘य’चा ‘ज’ होणे मराठीत नेहमीचे आहे, त्यामुळे यादवचे जाधव होण्यात काही विचित्र नाही. सिंदखेडच्या जाधवांनी देवगिरीच्या यादवांशी नाते सांगितले आहे.

पण शब्द जुळणे आणि रक्त जुळणे या दोन गोष्टी आहेत. राजाचे आडनाव त्याच्या सैनिकांनी घेतले, कुळांनी घेतले, आश्रितांनी घेतले, असे जगभर झाले आहे. देवगिरीचे यादव राज्य चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला संपले. त्यानंतरच्या सातशे वर्षांत कुणी कुणाचे आडनाव का लावले, हे नुसत्या उच्चारावरून ठरवता येत नाही. त्याला सलग कागद लागतो.

इथे एक शब्द उपयोगी पडेल: लोकव्युत्पत्ती. शब्दाचा आजचा आवाज ऐकून लोकांनी मागाहून रचलेली गोष्ट. गायकवाड या आडनावाची कथा तुम्ही ऐकली असेल. पूर्वजाने कवाड उघडून गाय वाचवली, म्हणून गाय-कवाड. कथा सुंदर आहे, घराण्याला ती प्रिय आहे, ती जपावी. फक्त तिला पुरावा समजू नये. एखाद्या आडनावाचा अर्थ फारच नाट्यमय प्रसंगातून निघत असेल, त्यात राजा, वाघ किंवा दरोडा असेल, तर दोनदा विचार करावा. खरी उगमे सहसा साधी असतात: गाव, काम, रंग, खोड.

आडनावावरून जात कळते ना?

नाही. आणि हा समज महाराष्ट्राला महाग पडतो.

पाटील मराठा आहेत, कुणबी, लेवा, आगरी, कोळी, लिंगायत, जैन आणि मुसलमानही आहेत, कारण पाटील हा हुद्दा होता आणि ज्या गावात जो समाज वजनदार, त्याच्याकडे तो असे. देशमुख ब्राह्मण आहेत, मराठा आहेत, मुसलमान आहेत. पवार, जाधव, गायकवाड, शिंदे, चव्हाण ही आडनावे मराठ्यांत, बौद्धांत, भटक्या-विमुक्तांत आणि इतर मागासवर्गीयांत अशी सगळीकडे आहेत. गाव सर्वांचे एकच असल्याने ‘कर’वरून तर काहीच कळत नाही.

स्थानिक स्वराज्य संस्थांतल्या आरक्षणासाठी २०२२ मध्ये बांठिया आयोग इतर मागासवर्गाची आकडेवारी गोळा करत होता, तेव्हा मतदारयादीतल्या आडनावांवरून जात ठरवली जाते अशी तक्रार झाली आणि मोठा वाद उठला. आक्षेप घेणाऱ्यांचा मुद्दा नेमका हाच होता: एकच आडनाव अनेक जातींत असते, मग कारकून कोणत्या रकान्यात टाकणार? जातीच्या दाखल्यालाही म्हणूनच आडनाव पुरत नाही. इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो, वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाइकाची नोंद लागते. कुणबी नोंदींचा जो शोध गेली काही वर्षे चालू आहे, तोही शाळेच्या आणि महसुली दप्तरातल्या ‘जात’ या रकान्याचा आहे.

उलट बाजूने पाहिले तर, भाड्याने घर शोधताना ‘पूर्ण नाव काय?’ हा प्रश्न कशासाठी विचारला जातो हे विचारणाऱ्यालाही ठाऊक असते आणि उत्तर देणाऱ्यालाही. म्हणूनच काही जण आडनाव लावत नाहीत, तर काही बदलून घेतात. राजपत्रात जाहिरात देऊन नाव किंवा आडनाव बदलण्याची रीतसर सोय आहे आणि तिचा वापर करणे हा कुणाचाही हक्क आहे. हजार वर्षांत लोकांनी आडनावे बदललीच आहेत, फक्त तेव्हा राजपत्र नव्हते.

पहिल्या नावात दडलेली पायरी

आडनावाबद्दल आपण इतके बोलतो, पण समाजाची उतरंड पहिल्या नावात जास्त स्पष्ट दिसते. एकच ‘राम’ घ्या. तो रामपंत असू शकतो, रामराव, रामशेट, रामजी, रामा किंवा राम्या. नाव एक, शेवट बदलला की माणसाची पायरी बदलली. जुन्या कागदांत महार समाजातल्या पुरुषांच्या नावांचा शेवट ‘नाक’ असा दिसतो. १ जानेवारी १८१८ च्या कोरेगावच्या लढाईच्या स्तंभावर अशी अनेक नावे कोरलेली आहेत.

मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नाव ठेवण्याचा नियमच दिला आहे. ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बलदर्शक, वैश्याचे धनाशी जोडलेले, आणि शूद्राचे ‘जुगुप्सित’, म्हणजे किळस वाटेल असे. हे वाचल्यावर धोंड्या, दगड्या, कचऱ्या, उकिरड्या या नावांकडे नुसते गमतीने पाहता येत नाही. यांतली काही नावे वरच्या घरांतही ठेवत, कारण आधीची मुले दगावली असतील तर दृष्ट लागू नये, यमाला हे मूल नकोसे वाटावे, अशी आईबापांची आर्त धडपड त्यामागे होती. भिकाजी, केरू, धोंडो ही नावे त्याच भीतीतून आली. पण एका घरात जे नाव संरक्षण होते, ते दुसऱ्या घरावर लादलेली पायरी होते. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

१४ ऑक्टोबर १९५६ ला नागपूरला धम्मदीक्षा झाल्यानंतर बारशांची भाषाच बदलली. सिद्धार्थ, राहुल, आनंद, मिलिंद, सुजाता, यशोधरा, संघमित्रा, प्रज्ञा. एका पिढीत लाखो घरांनी नावाच्या निवडीवरचा आपला हक्क परत घेतला. महाराष्ट्रातल्या नावांच्या इतिहासात याहून मोठी घटना मला दिसत नाही.

मुलींच्या बाबतीत ‘नकोशी’ हे नाव अगदी आपल्या काळापर्यंत आले. मुलगा हवा असताना पुन्हा मुलगी झाली की तिचे नाव नकुशा. सातारा जिल्हा परिषदेने ऑक्टोबर २०११ मध्ये समारंभ करून अशा अडीचशेहून अधिक मुलींना नवी नावे दिली. अनेकींनी आपले नाव स्वतः निवडले.

वाड्यांतली आणखी एक रीत सांगायला हवी, कारण तिच्यामुळे इतिहास वाचताना गोंधळ होतो. नातवाला आजोबांचे नाव ठेवायची पद्धत होती. बाळाजी विश्वनाथाचा मुलगा बाजीराव, आणि त्याचा मुलगा पुन्हा बाळाजी. पण सुनेने सासऱ्याचे नाव तोंडाने घ्यायचे नाही. मग स्वतःच्या मुलाला हाक कशी मारणार? त्यामुळे नाना, तात्या, बापू, भाऊ, अण्णा, बाळ अशी हाकेची नावे घरोघर रूढ झाली, आणि कित्येकदा तीच जगाला माहीत झाली. दुसरे बाळाजी नानासाहेब म्हणून ओळखले जातात. लोकमान्य टिळकांचे पाळण्यातले नाव केशव, घरातले बाळ.

लग्नात हरवलेली नावे

आनंदीबाई जोशी जन्मल्या तेव्हा त्यांचे नाव यमुना होते. रमाबाई रानडे यांचेही माहेरचे नाव यमुना, आडनाव कुर्लेकर. झाशीच्या लक्ष्मीबाई माहेरी मनकर्णिका तांबे. तिघींची नावे सासरी बदलली. तांदळाच्या ताटात अंगठीने नवे नाव लिहिण्याची रीत आजही काही घरांत आहे. सावित्रीबाई नायगावच्या नेवसे पाटलांच्या, पण किती जणांना नेवसे हे आडनाव आठवते?

कायदा काय म्हणतो? लग्नानंतर बाईने नाव किंवा आडनाव बदललेच पाहिजे असे सांगणारा कायदा नाही. हिंदू विवाह कायद्यातही तसे कलम नाही. तरीही लग्नानंतर आधार, पॅन, बँक, पासपोर्ट या चक्रात अडकते ती बाईच, कारण नाव बदलायचे ठरवले तर एक फेरा आणि नाही ठरवले तर ‘मग पतीशी नाते कसे सिद्ध करणार?’ हा दुसरा.

मग आईचे नाव ही नवी टूम आहे का?

नाशिकच्या पांडवलेण्यांत, आज तीन क्रमांकाच्या म्हणून ओळखल्या जाणाऱ्या लेण्यात, गौतमी बलश्री या राणीचा शिलालेख आहे. तिचा मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी. त्याच्यानंतरचा राजा वासिष्ठीपुत्र पुळुमावी. सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वी याच भूमीतल्या राजांच्या नावात आईची खूण आधी येत होती. प्रामाणिकपणे दुसरी बाजूही सांगतो. गौतमी, वासिष्ठी ही आईच्या माहेरच्या गोत्राची नावे आहेत, आणि राजगादी बापाकडूनच मुलाकडे जाई. म्हणजे तेव्हा बायकांचे राज्य होते असा अर्थ काढू नये. परंपरा मोडली असे म्हणणाऱ्यांना एवढेच दाखवता येते की परंपरा एक नव्हती.

‘नाव फार लांब होते’ हा आक्षेप व्यवहारातला आहे आणि तो खरा आहे. चार शब्दांची नावे संगणकाच्या खिडकीत मावत नाहीत, विमानाच्या तिकिटावर तुटतात. पण दुरुस्ती खिडकीची करायची की आईची, हे ठरवताना मला तरी फार वेळ लागत नाही. ‘वडिलांचा मान कमी होतो’ या आक्षेपाला उत्तर नावाच्या क्रमातच आहे: वडिलांचे नाव आणि आडनाव दोन्ही जागेवर आहेत. अनाथ मुलांसारख्या प्रकरणांत नियमातून सूट ठेवली आहे. जी आई एकटीने मूल वाढवते, तिच्यासाठी मात्र हा निर्णय अर्धाच आहे. आडनाव अजून बापाचेच गृहीत धरले जाते.

आपल्या आडनावाचा माग काढायचा असेल तर

सुरुवात इंटरनेटवरच्या अर्थांच्या याद्यांपासून करू नये, त्यांत लोकव्युत्पत्तीच जास्त. आधी कुलदैवत आणि मूळ गाव विचारावे. आडनाव ‘कर’चे असेल तर नकाशावर त्या नावाची सगळी गावे शोधावीत, एकाच नावाची दोन-चार गावे सहज निघतात, आणि कुलदैवतावरून त्यांतले आपले कोणते याचा अंदाज येतो. मग तहसील कचेरीत जुने फेरफार आणि गाव नमुना चौदा, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंदवही. जुन्या नोंदी मोडीत असतात, त्या वाचून देणारे लिपीतज्ज्ञ जिल्ह्याच्या ठिकाणी मिळतात. पणजोबा शाळेत गेले असतील तर त्या शाळेचे दाखल-खारीज रजिस्टर मागावे. आडनाव बदलल्याची जागा अनेकदा तिथेच सापडते. पंढरपूर, नाशिक, त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्यांत यात्रेला आलेल्या पूर्वजांची नावे गावानिशी असतात. कोल्हापूर, सांगली आणि सीमाभागात हेळवी दारोदार येऊन वंशावळ वाचून दाखवतात, त्यांच्याकडे काही घराण्यांच्या कित्येक पिढ्या लिहिलेल्या आहेत.

या जवळजवळ सगळ्या नोंदी बापाच्या बाजूच्या असतात. आजीचे माहेरचे नाव, आडनाव आणि गाव, पणजीचेही माहीत असेल तर तेही, घरातल्या जाणत्या बायकांना विचारून आजच तारखेसह लिहून ठेवावे. तो रकाना कुठल्याच दप्तरात भरलेला नाही.